हौसाक्काचं तोंड

"कड कुठं आहे हिची?" मी स्वतःशीच पुटपुटले आणि कापसाचा बोळा पुन्हा स्पिरिटात बुडवला.

पॅक-अप झालं होतं. कोल्हापूरच्या जुन्या स्टुडिओतल्या मेकअपच्या खोलीत भाजलेल्या बायका ओळीनं बाकावर बसल्या होत्या आणि सगळ्यांना घरी जायची घाई होती. एकीला गिरणीतून दळण आणायचं होतं, एकीची म्हैस तिच्याशिवाय कुणाला कासेला हात लावू देत नव्हती. सिनेमा सूतगिरणीला लागलेल्या आगीचा होता. सकाळी काशीददादांनी आणि मी मिळून या बायकांना भाजवलं होतं, निम्म्या त्यांनी, निम्म्या मी. आता एकेकीच्या गालावरचे जिलेटिनचे तुकडे सोलायचे, खोबरेल लावायचं आणि पाठवून द्यायचं. तुकडा काढायची रीत अशी, की आधी त्याची कड शोधायची. कड कागदाहून पातळ असते. ती स्पिरिटनं सैल झाली की बाकीचा तुकडा केळीच्या सालीसारखा सुटून येतो.

शेवटच्या बाईची कड मला सापडेना. कानाजवळ बघितलं, हनुवटीखाली बघितलं, गळ्याशी बघितलं. बोथट पट्टीनं जबड्यावर हळूच खरवडून पाहिलं. ती बाई डोळे मिटून गप्प बसली होती.

"काशीददादांनी काय डकवलंय कुणास ठाऊक," मी वैतागून म्हणाले. "आक्का, दुखत नाही ना? कड घावत नाहीये."

"न्हाई घावायची, बाई," ती डोळे न उघडताच म्हणाली. "मीबी लई वर्सं हुडकतीया."

मला उलगडा व्हायला जरा वेळ लागला. पलीकडे कुणीतरी फिसकन हसलं, कुणीतरी तिला दटावलं. मला मात्र धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं.

"आक्का, मला खरंच... मला वाटलं दादांचं काम आहे."

"मग काय बिघाडलं?" तिनं एक डोळा उघडला. "दिसभर समदी त्येच म्हनत व्हती. पुसा ते आदी. थंड लागतंय."

मी पुसलं. दिवसभर दवाखान्याच्या वॉर्डाच्या सेटवर मी तोच चेहरा लांबून बघत होते आणि मनातल्या मनात दादांचा हेवा करत होते. गाल ते गळा एकसंध ताणलेली, तकतकीत कातडी. खालचा ओठ एका बाजूला ओढलेला. नाकाचा शेंडा आखडलेला. भिवयांच्या वर मात्र कपाळ कोरं. मनात आलं होतं, म्हातारबा एवढं झकास काम करू शकतात आणि मला शिकवताना मात्र हात आखडता घेतात.

तेवढ्यात दादाच आत आले. काशीददादा म्हणजे या धंद्यात हयात घालवलेला माणूस, डोक्यावर कायम काळी टोपी. दारातूनच म्हणाले, "सुवार्ता, या कोपऱ्यातल्या बाईंचं काम झक्कास झालंय हं. कुठं शिकलीस ग हे? आम्हाला नाही सांगितलंस ते."

"दादा," मी म्हणाले, "मला वाटत होतं तुम्ही केलंय."

दादांनी बाईकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि टोपी काढून हातात घेतली. "चुकलं, बाई," ते म्हणाले.

"टोपी कशापायी काढताय? कुनी मेलंय व्हय?" ती म्हणाली आणि पदर सारखा करून उठली.

तिचं नाव हौसाबाई चौगुले. रंकाळ्याच्या पलीकडच्या एका गावातली. माणसं पुरवणाऱ्या एजंटानं तिला मुद्दाम आणलं होतं, हिला मेकअपची गरज नाही म्हणून. आम्हाला सांगायला मात्र तो विसरला होता.

माझंही इथंच सांगून टाकते. मी सुवार्ता आवळे, मूळची मिरजेची. माझे बाबा दवाखान्याच्या मागच्या गल्लीत दातांच्या कवळ्या बनवायचे. माप घ्यायचं, साचा काढायचा, मेण चढवायचं, घासायचं, हे सगळं मी परकर-पोलक्यात असल्यापासून शिकले. त्याच हातांच्या जोरावर काशीददादांनी मला घेतलं होतं. पण त्या काळी आमच्या धंद्यात बाईला युनियनचं मेकअपचं कार्ड मिळत नसे, केसांचं मिळे. कागदोपत्री मी हेअरड्रेसर होते आणि जखमा, पू, रक्त, सुरकुत्या हे सगळं दादांच्या नावावर करत होते. दादा भले होते, पण नाव त्यांचंच लागायचं. चार सिनेमे झाले होते आणि मला कंटाळा आला होता. खोट्या जखमा करायच्या, संध्याकाळी सोलून बादलीत टाकायच्या, याच्यात माणसाच्या हाताला काय लागतं? हा सिनेमा संपला की मिरजेला परत जायचं आणि बाबांच्या शेजारी बसून कवळ्या घासायच्या, असं मी ठरवून टाकलं होतं.

दुसऱ्या दिवशी वॉर्डाचं काम दुपारी होतं, पण हौसाक्का सकाळीच येऊन मेकअपच्या खोलीच्या दारात बसली. मी नायिकेला साठीची करत होते. सिनेमाच्या शेवटी ती म्हातारी होते, त्याची चाचणी चालली होती. डोळ्यांखाली पिशव्या, गालांना उतार, ओठांच्या कडेला बारीक चुण्या. हौसाक्का टक लावून बघत होती. नायिका आरशात बघून किंचाळली, "अय्या, मी अगदी माझ्या सासूसारखी दिसतेय!" आणि कॅमेऱ्यापुढे निघून गेली.

खोली रिकामी झाल्यावर हौसाक्का आत आली.

"बाई, एक इच्यारू? मला करता का तसं?"

"कसं?"

"म्हातारं."

मी हसले. "आक्का, बायका तरुण करा म्हणतात. तुम्हाला म्हातारं कशाला व्हायचंय?"

ती खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून उभी राहिली. बसली नाही. "मी एकोनीसची व्हते," ती म्हणाली. "शेजारच्यांचं गुऱ्हाळ. उकळत्या रसाची काहील उतरवताना गड्याचा हात सुटला आनि समदा गूळ माझ्या अंगाव आला. जीव वाचला. पन तोंड तितंच थांबलं बगा. माझ्या बरुबरच्या पोरी म्हाताऱ्या झाल्या. येसाला, माझ्या भनीला, ह्या एवढाल्या सुरकुत्या पडल्या. मला न्हाई. भाजल्यालं कातडं म्हातारं होत न्हाई, बाई. ताणल्यालंच ऱ्हातंय."

मी हातातला ब्रश खाली ठेवला.

"समदं गाव म्हनतंय, हौसा कसली देखनी व्हती. लगीन ठरत आलं व्हतं. अजून म्हनत्यात. बाजारात गेले तरी म्हनत्यात, येका म्हातारीनं तर परवा माझ्यासमोर डोळं पुसलं. फोटू येक न्हाई. मला आता आठवतबी न्हाई कशी व्हते त्ये." ती जरा थांबली. "भाजले नसते तर आज कशी दिसले असते, तेवडं बगायचं हाय. येकडाव. मग न्हाई मागनार काय."

तिच्या आवाजात रडणं नव्हतं. मी हो म्हणून गेले आणि म्हटल्यावर घाबरले, कारण असलं काम मी कधी केलं नव्हतं. दादांनी तरी कुठं केलं होतं?

नशिबानं पुढचे दोन दिवस नायिका मुंबईला गेली आणि सेट बंद राहिला. दादांना मी आक्काचं मागणं सांगितलं, तशी त्यांनी खोलीची किल्ली माझ्या हातात ठेवली. "जिलेटिन हवं तेवढं घे," म्हणाले. "आणि हे बघ, देखणी कर तिला. हात आखडू नकोस."

हौसाक्का बहिणीला घेऊन आली. येसाबाई तिच्याहून दोन वर्षांनी लहान, ठेंगणी, रुंद जबड्याची, तोंडानं जरा फटकळ. आल्या आल्या तिनं मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि विचारलं, "पोरी, तुला जमनार हाय का? न्हाईतर माझ्या भनीचं हसं हुईल."

"जमेल तेवढं करते, मावशी. तुम्ही मला सांगायचं, कुठं काय होतं ते."

आधी मी आक्काच्या चेहऱ्याचं माप घेतलं. बाबांकडून आणलेली दातांच्या मापाची गुलाबी पावडर थंड पाण्यात कालवली आणि कपाळापासून गळ्यापर्यंत थापली. नाकपुड्या तेवढ्या मोकळ्या. या वेळी भलेभले नट घाबरून उठून बसतात. आक्का अशी निजून राहिली, की येसाबाईनं तीनदा तिच्या नाकाखाली बोट धरून बघितलं. साचा निघाला. त्यात प्लास्टर ओतलं. मग आक्काच्या दातांचंही माप घेतलं, ती माझी घरची सवय.

प्लास्टरचं तोंड टेबलावर ठेवून मी त्यावर मातीनं चेहरा घडवायला बसले. येसाबाई समोर स्टूल घेऊन बसली आणि भांडायलाच लागली.

"नाक चाफेकळीवानी व्हतं तिचं. आसं सरळ. तू हे काय बसवलंस?"

"मावशी, हाड इथं रुंद आहे. बघा ना."

"हाड काय बगायचं? मी डोळ्यानं बगितल्यालं हाय. आनि ह्या गालाला खळी व्हती."

"खळी न्हवती, येसा," कोपऱ्यातून आक्का म्हणाली.

"व्हती! तुला काय ठावं? तू स्वताला कदी बगितलंस?"

"आरसा व्हता की घरात."

"आरसा बाचा व्हता, दाडीचा. त्यात येक डोळा दिसायचा निस्ता!"

मी नाक अरुंद केलं, येसाबाईला पटलं. हनुवटी निमुळती केली, तिला आणखी पटलं. जिवणी लहान केली तेव्हा ती स्टुलावरून उठून उभी राहिली. "हां! आता कशी! आता हौसा दिसाय लागली."

खरंच सुंदर चेहरा झाला होता. कॅलेंडरवर शोभला असता. मी त्यावर वय चढवलं, पण असं, की देखणेपणाला धक्का लागू नये. दादा दुपारी डोकावले आणि म्हणाले, "वा! आता हात लावू नकोस."

मीही हात लावणार नव्हते. पण दाताचा साचा वाळला होता, तो मी उचलला आणि सवयीनं त्या तोंडाशी धरून बघितला. बसेना. आक्काचे पुढचे दोन दात जरा पुढे होते आणि जबडा रुंद होता. तेवढे दात त्या इवल्याशा जिवणीत मावतच नव्हते. मग मी बाबांचा मापाचा कंपास काढला. आक्काचं दोन डोळ्यांतलं अंतर, नाकाच्या मुळाची रुंदी, कानापासून हनुवटी. येसाबाई डुलकी काढत होती, तिची मापं घेतली. दोघींची मापं जवळजवळ एकच. ज्या बहिणीनं चाफेकळीचं नाक सांगितलं होतं, तिचं स्वतःचं बसकं नाक माझ्यासमोर घोरत होतं.

म्हणजे हौसा तशी नव्हतीच. निदान हाडं तरी तसं सांगत नव्हती.

माझ्यापुढे पेच पडला. येसाबाई खोटं बोलत नव्हती. भाजलेल्या बहिणीचं तोंड इतकी वर्षं समोर बघत राहिलं, की आधीचं तोंड मनात रोज थोडं थोडं उजळत जात असणार. गावाचंही तेच झालं असणार. पण मी आक्काला काय दाखवू? सगळ्यांच्या मनातली ती सुंदर पोर, की तिच्या हाडांवर खरोखर असलेलं तोंड? पहिलं दाखवलं तर ती खूश होऊन घरी जाईल. दुसरं दाखवलं तर? इतकी वर्षं जे गेलं म्हणून जपलं, ते नव्हतंच असं तिला सांगायचं? तिचं काळीज तुटलं तर मी कुठल्या तोंडानं तिच्यासमोर उभी राहणार?

बाबांकडे लोक यायचे आणि म्हणायचे, मोत्यासारखे दात करा. बाबा मान डोलवायचे आणि करायचे मात्र थोडे पिवळसर, एखादा किंचित वाकडा. गिऱ्हाईक आधी नाक मुरडायचं. मग घरी जाऊन भाकरी खायचं आणि पुन्हा कधी तक्रार घेऊन यायचं नाही. मला ते आठवत राहिलं. तरी भीती गेली नाही, हे कबूल करते.

आक्का दाराशी उन्हात बसली होती. मी तिच्याजवळ गेले. "आक्का, येसामावशी सांगतात तसं केलं तर फार देखणं होतंय. पण माझं मन घेत नाही. मला जे दिसतंय ते वेगळं आहे."

"वंगाळ हाय?"

"नाही. साधं आहे."

तिनं अंगणात चरणाऱ्या कोंबड्यांकडे बघितलं. "मी बगायचं म्हनले व्हते," ती म्हणाली. "नटायचं न्हवते म्हनले."

मी आत गेले आणि मातीचं ते सुंदर तोंड मोडलं. जिवावर आलं, पण मोडलं. येसाबाई जागी झाली तेव्हा हनुवटी रुंद झाली होती आणि नाक खाली बसलं होतं. तिनं कपाळावर हात मारला. "आगं, ह्ये काय केलंस? ही हौसा न्हवं! ही कुनी भाजीवाली हाय!" ती एवढी चिडली, की उरलेला दिवस माझ्याशी बोलली नाही.

रात्री मातीवरून साचा काढून मी त्यात जिलेटिन ओतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी आक्काच्या मनगटावर डिंक लावून तासभर वाट बघितली. कातडीला सोसतो याची खात्री झाल्यावर मी कामाला लागले. जिलेटिनचा चेहरा तिच्या चेहऱ्यावर बसवला, कडा विरघळवल्या, रंग चढवला. उन्हातान्हात राबलेल्या पन्नाशीच्या बाईचा रंग. गालावर वांगाचे डाग, डोळ्यांच्या कोपऱ्यात रेघा. कपाळ तिचं स्वतःचंच होतं, त्याच्या चुण्यांना गालाच्या चुण्या जुळवल्या. हे काम करताना मला पहिल्यांदाच असं वाटलं, की मी काही तरी चिकटवत नाहीये, आतून काढतेय. आरसा मी मुद्दाम भिंतीकडे वळवून ठेवला होता.

येसाबाई पाठ करून बसली होती. दादा दारात, टोपीशी चाळा करत. मी हात पुसले, पण आरसा वळवायचा धीर होईना. शेवटी आक्काच म्हणाली, "दावा की, बाई. किती दम काढू?"

मी आरसा वळवला.

ती बघत राहिली. आधी नुसती बघत राहिली, मग पुढे वाकली, मग मान तिरकी केली. नाकावर बोट ठेवलं. ओठ मिटून बघितले, उघडून बघितले. चेहऱ्यावर काहीच हललं नाही. वाटलं, गेलं, माझ्या शहाणपणापायी हिचं होतं नव्हतं ते गेलं.

मग तिचे खांदे हलायला लागले. मला वाटलं रडतेय. पण ती हसत होती. आधी आतल्या आत, मग तोंडावर हात ठेवून, मग हात काढून मोठ्यानं.

"आगं येसा," ती म्हणाली, "इकडं बग. ही तर निस्ती हौसी हाय की! चौगुल्याची हौसी! ह्येच्यापायी व्हय ग रडत व्हतो आपुन?"

येसाबाई वळली. तिनं बघितलं. "देखनी व्हतीस तू," ती कशीबशी म्हणाली.

"कुठली! नाक बग की. तुज्यावानीच बटाटा."

"माज्यावानी न्हाई!"

"तुज्यावानीच! आनि दात बग, बाहीर यायला लागल्यात." आक्काच्या डोळ्यांतून आता पाणी वाहत होतं आणि तरी ती हसतच होती. "माझ्यासारख्या गावात धा हाईत की ग. कुनी त्यांच्यापायी डोळं पुसतंय का? ती देखनी पोरगी मेली, मेली म्हनून वझं वाहत व्हते मी. ती न्हवतीच, येसा. कुनी मेलंच न्हाई."

येसाबाईनं तिला घट्ट धरलं आणि हुंदके देऊन रडायला लागली. "गाल सांभाळा, गाल," असं मी ओरडले आणि मग मीही रडले. दादा टोपी तोंडावर धरून बाहेर निघून गेले.

मिरजेला मी परत गेले ते पुढे फक्त सणावाराला. बाबांना मी आक्काच्या दाताचा साचा दाखवला, त्यांनी तो उन्हाकडे धरून बघितला आणि म्हणाले, "मग, कुठं जायचं ते ठरलं ना?" कार्ड मिळायला बरीच वर्षं लागली. आज मुंबईत माझी स्वतःची खोली आहे, हाताखाली पोरीही आहेत. त्यांना मी पहिल्या दिवशी नट्यांचे फोटो बघू देत नाही, कवटी हातात देते.

पण त्या सकाळचं अजून संपलं नव्हतं.

"चा मिळंल का हो कुटं?" आक्कानं विचारलं.

स्टुडिओच्या फाटकाशी म्हमूलालमामाचा चहाचा गाडा होता. मी म्हटलं, "आक्का, ऊन आहे. जिलेटिन उन्हात मऊ पडतं. फार वेळ नाही टिकायचं."

"मग बिगीनं चला."

आम्ही तिघी गेलो. गाड्यापाशी गर्दी होती. दुसऱ्या सेटवरचे लाइटवाले होते, शेजारच्या गॅरेजमधले दोघं-तिघं होते. आक्का नेहमी पदर ओढून कडेला उभी राहायची, हे मी आधीच्या दोन दिवसांत बघितलं होतं. आज सवयीनं तिचा हात पदराकडे गेला आणि मध्येच थांबला. ती सरळ गाड्यापुढे जाऊन उभी राहिली. मामा दूध ओतत होता. वर न बघताच तो खेकसला, "ओ मावशी, जरा बाजूला सरका की! पातेलं सांडंल माझं."

आक्का माझ्याकडे वळली. तो रंगवलेला साधासुधा चेहरा असा खुलला, की मला वाटलं कडा सुटताहेत. "बगितलंच न्हाई त्यानं!" ती कुजबुजली. "सरका म्हनला मला! ऐकलंस न्हवं, येसा? सरका म्हनला!" आणि ती मोठ्या खुशीत बाजूला सरकली. गॅरेजवाल्यानं तिच्या खांद्यावरून हात घालून ग्लास घेतला. कुणीही मान वळवली नाही. तिनं तिचा चहा गर्दीत उभं राहून, धक्के खात, शेवटच्या घोटापर्यंत चवीनं प्यायला.

तेवढ्यात तिचा डावा गाल खाली उतरायला लागला. मी तिला ओढतच आत नेलं. मी सोडवताना ती आरशात बघत होती. निघाल्यावर तो चेहरा माझ्या हातात थंड, लिबलिबीत पडला.

"हे ठेवून देऊ का तुमच्यासाठी?" मी विचारलं. "खराब होईल, पण दोनेक दिवस..."

"कशाला? बगून झालं." तिनं तोंड धुतलं, पदरानं टिपलं. "ह्येचं काय करता तुमी?"

"वितळवतो पुन्हा. दुसऱ्या कामाला."

"मग वितळवा. वाया कशाला घालवायचं? चल येसा, आनिक येक चा घ्यू."

येसाबाई दारातच अडखळली. "आगं, आता? आसंच?"

आक्का थांबलीच नाही. मी मागोमाग फाटकापर्यंत गेले. ती गाड्यापाशी पोचली तेव्हा गर्दी पांगली होती. मामानं मान वर केली आणि त्याच्या हातातली चहाची गाळणी तशीच वर राहिली. त्याला नजर कुठं ठेवावी ते कळेना. मग घाईघाईनं तो दुसरीकडे बघायला लागला.

आक्का गाड्यावर दोन्ही कोपर टेकून त्याच्यासमोर उभी राहिली. पदर खांद्यावर होता.

"बग की," ती म्हणाली. "मगाशी बगितलं न्हाईस, आता बग निवांत. आनि दोन चा दे, आलं घालून."